दादाच्या गाडीतला इक्वलायझर

“ह्या सेटिंगवर बाहेरचा हॉर्न ऐकू येतो का नाही? एवढंच सांगा, अप्पा.”

अप्पांनी मान वर केली नाही. त्यांच्या मांडीवर एक स्पीकर होता. त्याचा फाटलेला काळा कागद ते बारीक ब्रशने चिकटवत होते.

“तेरवी कधी आहे?”

“उद्या.”

“मग घरी पाव्हणे असतील.”

“आहेत.”

“आणि तू इथं.”

“मी इथं.”

अप्पांनी ब्रश पाण्यात बुडवला. बोटं धोतराला पुसली.

“दाखव.”

मी टॉवेल उघडला. आत दादाच्या गाडीतला इक्वलायझर होता. हाताच्या पंजाएवढा डबा, त्यावर वरखाली सरकणारी सात बटनं. डावीकडे बास म्हणजे जाड आवाज, उजवीकडे ट्रेबल म्हणजे बारीक, मधे बाकीचं सगळं. प्रत्येक बटनावर मी काळी टेप लावली होती. कुणाचा धक्का लागून एकही जागचं हलू नये म्हणून.

दादाची गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात पडली होती. पुढचा भाग जवळजवळ गेलाच होता. हा डबा मात्र जसाच्या तसा. त्याला ओरखडासुद्धा नव्हता. हवालदाराला विचारून मी तो काढून आणला. काढताना माझा हात दादाच्या सीटला लागला...

ते राहू दे.

अप्पा म्हणजे नागनाथअप्पा हल्लाळे. उदगीरला बसस्टँडच्या मागे गाड्यांना टेप बसवायचं त्यांचं दुकान आहे. मी चार वर्षं त्यांच्या हाताखाली शिकलो. मग एक दिवस भांडलो, आणि बिदर रोडला स्वतःचं दुकान टाकलं. त्याला आता दोन वर्षं झाली. ह्या दोन वर्षांत मी अप्पांच्या दुकानाची पायरी चढलो नव्हतो. रस्त्यात दिसले तरी गाडी वळवायचो. गिऱ्हाइकांना सांगायचो, अप्पांकडे गाडी दिली की गाणं आजारी पडून बाहेर येतं.

हे अप्पांच्या कानावर गेलेलं होतं.

“बोर्डावर काय लिहिलंयस?” त्यांनी डबा हातात घेत विचारलं. “साउंडचा...”

“बादशहा.”

“हां. बादशहा.”

त्यांनी चष्मा कपाळावर ढकलला. तिथला भस्माचा पट्टा थोडा पुसला गेला. डबा डोळ्यांजवळ नेऊन त्यांनी सातही बटनं पाहिली. घाई नव्हती.

“मधली तीन कुणी वर नेली?”

“मी.”

“एवढी?”

“दादा म्हणला, इंजिनच्या आवाजात गाणाऱ्याचे शब्द कळत नाहीत. म्हणून नेली.”

“नंतर त्यानं हात लावला असेल.”

“नाही.”

“माणूस लावतोच.”

“तो लावायचा नाही. गाडीत बसलेल्यालासुद्धा लावू द्यायचा नाही. म्हणायचा, हे माझ्या भावानं लावलंय.”

अप्पांनी डबा समोरच्या फळीवर ठेवला.

दादाचं नाव अंगद. भाड्याची गाडी चालवायचा. त्या दिवशी गाडीत तो एकटाच होता. पेट्रोल पंपावरून बाहेर पडून रस्त्यावर येत होता. उताराने उसाचा ट्रक आला. ट्रकचे ब्रेक लागत नव्हते. समोरच्या हॉटेलवाल्याने आम्हाला सांगितलं, ट्रकवाला हॉर्नवरचा हात उचलतच नव्हता. अख्ख्या रस्त्याला ऐकू गेलं. पंपावरची माणसं ओरडली. आणि मग तो खाली बघत म्हणाला, तुमच्या गाडीतलं गाणं आमच्या भट्टीपर्यंत येत होतं.

तिसऱ्या दिवशी वहिनी मला म्हणाल्या, “भावजी, ते मशीन तुम्हीच बसवलं होतं ना?”

त्यात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं. त्यांना फक्त माहीत करून घ्यायचं होतं.

मी हो म्हणालो, आणि उठून गोठ्यात गेलो. त्यानंतर मी त्यांच्यासमोर जेवायला बसलो नाही.

“मला कशाला विचारतोस?” अप्पा म्हणाले. “तू बादशहा आहेस.”

“तुम्हीच शिकवलं म्हणून विचारतो. तुम्हीच सांगायचात. माणसाचा आवाज, गाडीचा हॉर्न, रेल्वेची शिट्टी, सगळे मधल्या तीन बटनांच्या घरात राहतात. एकाला पसरून बसवलं की दुसऱ्याला जागा उरत नाही.”

“लक्षात आहे म्हणायचं.”

“सगळं लक्षात आहे.”

“सगळं?”

मी खाली पाहिलं.

अप्पांची एक रीत होती. काम झालं की ते गिऱ्हाइकाला स्टेअरिंगवर बसवायचे. इंजिन चालू, काचा बंद, त्याच्या आवडीचं गाणं, त्याला पाहिजे तेवढ्या आवाजात. आणि स्वतः गाडीमागे वीस पावलं जाऊन त्याच्या नावाने एकदा हाक मारायचे. ओरडायचे नाहीत. घरातल्या माणसाला मारतो तशी साधी हाक. गिऱ्हाइकाने मागे वळून पाहिलं तर गाडी सोडायची. नाही पाहिलं तर मधली बटनं एकेक घर खाली आणायची, आणि पुन्हा हाक.

हाक दिल्याशिवाय त्यांनी एकही गाडी सोडली नाही. मामलेदाराची नाही आणि कचऱ्याची नाही.

लोक हसायचे. एक जण म्हणाला होता, “अप्पा, टेप बसवायला आलोय का बारशाला?” दुकानापुढे पोरं जमायची, नकला करायची. मला लाज वाटायची. आमचं भांडण ह्याच्यावरूनच झालं. मी म्हणालो होतो, लोक पैसे मोजून दणका घ्यायला येतात आणि तुम्ही त्यांना हरिपाठाच्या आवाजात गाणं देता. अप्पा तेव्हा एवढंच म्हणाले होते, “तुझी पिशवी घे.”

मी माझ्या दुकानात कुणालाच हाक मारली नाही.

दादालाही नाही. त्याची गाडी झाली तेव्हा दुकानात चारपाच पोरं बसली होती. त्यांच्यासमोर वीस पावलं मागे जाऊन स्वतःच्या भावाला हाक मारायची, म्हणजे माझ्या बोर्डाचं काय राहिलं असतं? दादाने गाणं लावलं. डोळे मिटले. म्हणाला, “आता कसं! माणूस शेजारी बसून गातोय जणू.” माझी मान धरून हलवली. आणि गेला.

“अप्पा,” मी म्हणालो, “हा डबा तुमच्या गाडीत जोडा. दादाचा पेनड्राइव्ह मी आणलाय. त्याचंच गाणं लावतो, त्याच्याएवढ्याच आवाजात. मी बसतो. तुम्ही मागे जाऊन हाक मारा. मला ऐकू आली, तर त्यालाही हॉर्न ऐकू आला असणार. मग चूक ब्रेकची. माझी नाही.”

“आणि नाही आली तर?”

“तर माझी.”

“मग काय करशील?”

मी टॉवेलची घडी घालत राहिलो. अप्पांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. भादरलेलं डोकं पाहिलं, पाय पाहिले. घाईत मी दोन वेगवेगळ्या चपला घालून आलो होतो. एक माझी होती. दुसरी कुणा पाव्हण्याची.

“उद्या करू,” ते म्हणाले. “तेरवी होऊ दे.”

“आत्ता.”

“उद्धवा...”

“नाहीतर मीच जोडतो. मला येतं.”

मी पक्कड उचललीसुद्धा. अप्पांनी ती माझ्या हातातून काढून घेतली.

“बादशहांनी बसावं,” ते म्हणाले.

त्यांची जुनी पांढरी गाडी दुकानासमोरच्या लिंबाखाली उभी होती. अप्पांनी स्वतः वाकून वायरी जोडल्या. वयाने त्यांना वाकवत नव्हतं. मधेच थांबून ते दाराला धरून श्वास घ्यायचे. मी मदतीला गेलो की कोपराने बाजूला सारायचे. जोडून झाल्यावर एकेक टेप नखाने अलगद काढली. एकही बटन केसभर हललं नाही. ते मी पाहत होतो.

मी स्टेअरिंगवर बसलो. इंजिन चालू केलं. पेनड्राइव्ह लावला.

“वीस पावलं,” मी खिडकीतून म्हणालो.

“एकोणीस झाली तर फाशी देशील का?”

“मधे कधीही मारा. मला सांगू नका.”

अप्पांनी मान हलवली. दुकानात जाऊन माठातलं पाणी घेतलं आणि कोपऱ्यावरून गाडीमागे गेले. मी काचा वर घेतल्या. आरसा छताकडे फिरवला. चोरी नको.

गाणं सुरू झालं.

आधी पेटी. मग तबला. मग तो आवाज, दादाला आवडणारा. खरंच शेजारी बसल्यासारखा. मी सेटिंग चांगलंच केलं होतं. हे म्हणायला मला लाज वाटते, पण चांगलं केलं होतं.

मी डोळे मिटले. सगळे कान मागे लावले. आपल्या पाठीलाही कान आहेत असं वाटत होतं. मी दादाच्या जागी बसलोय. पंपावरून बाहेर पडतोय. डावीकडे हॉटेल. उजवीकडे उतार...

पहिलं कडवं संपलं.

तेव्हा हाक आली.

स्पष्ट. पेटीच्या वरून, तबल्याच्या मधून. माझ्या नावाची. मी श्वास घेतला नाही. गाणारा पुन्हा वर चढला. आणि त्याच्या चढत्या आवाजातूनसुद्धा पुन्हा हाक आली. दुसऱ्यांदा.

मी दार उघडून बाहेर उडी मारली. गाणं तसंच चालू. हसतही होतो आणि नाकातून पाणीही येत होतं.

“आली! अप्पा, दोनदा आली. एकदा कडव्याच्या शेवटी, एकदा मधे. म्हणजे त्यालाही येत होतं ऐकू. म्हणजे त्यानं हॉर्न ऐकला होता. सेटिंग बरोबर होतं. मी वहिनींना आत्ता जाऊन सांगतो. मी...”

अप्पा लिंबाच्या पलीकडे एका जुन्या टायरवर बसले होते.

काही बोलले नाहीत. त्यांचे दोन्ही गाल फुगलेले होते.

ते गुडघ्यांवर हात ठेवून उठले. गटारीपाशी गेले. वाकले, आणि तोंडातलं पाणी थुंकले. बरंच पाणी होतं. मग धोतराच्या टोकाने ओठ पुसले.

गाडीत गाणं चालूच होतं.

“कधीपासून?” मी विचारलं.

“माठापासून.”

“म्हणजे तुम्ही...”

“तोंडात पाणी असलं की हाक मारता येत नाही.”

मी दोनदा ऐकलं होतं. शपथ घेऊन सांगितलं असतं. मग ती हाक मी आठवून पाहिली. ती ‘उद्ध्या’ अशी होती. अप्पा मला उद्धवा म्हणतात. घरचे उद्धव म्हणतात. उद्ध्या म्हणणारा एकच होता.

मी गाडीच्या चाकापाशी खाली बसलो.

अप्पांनी आत हात घालून गाणं बंद केलं, इंजिन बंद केलं, किल्ली काढून कनवटीला लावली. एकदम सगळं गप्प झालं. लिंबावर कावळे होते, तेही कळायला लागले.

मग मला राग आला. असा आला की मी उठून त्यांचा सदरा धरला. माझ्या गुरूचा. त्यांच्या गळ्यातलं इष्टलिंग माझ्या मुठीला लागलं, तेव्हा मूठ सैल झाली. पण मी सोडला नाही.

“थट्टा केलीत माझी.”

“नाही.”

“माझा भाऊ मेलाय आणि तुम्ही तोंडात पाणी धरून बसलात.”

“हो.”

“परत करा. ह्या वेळी खरी मारा हाक.”

“तू परत ऐकशील.”

“आली तरच ऐकीन.”

“आत्ता नव्हती आली. तरी ऐकलीस.”

मी सदरा सोडला.

“हाकेची वाट बघत बसलेल्या माणसावर हे तपासता येत नाही, उद्धवा. मी गिऱ्हाइकाला कधी सांगत नव्हतो हाक मारणार म्हणून. तू चार वर्षं बघितलंयस.” ते थांबले. “अंगद काय वाट बघत बसला होता का?”

“मग दुसरा कुणी बसवू. रस्त्यावरचा कुणीही.”

“तो अंगद नव्हे. त्याचे कान वेगळे, त्याचं ध्यान वेगळं. त्या दिवशी त्याच्या मनात काय चाललं होतं ते कुठल्या बटनावर लिहिलंय?”

“म्हणजे कळणारच नाही?”

“नाही.”

“कधीच?”

अप्पांनी चुरगळलेला सदरा सारखा केला.

“अप्पा, मग तुम्हीच म्हणा. म्हणा, उद्धवा, तूच मारलंस. मी ऐकून घेतो. किंवा म्हणा, तू नाही मारलंस. काहीतरी एक म्हणा. तुम्ही म्हणाल ते मी खरं धरीन.”

“म्हणूनच म्हणत नाही.”

मी रडलो. गेल्या बारा दिवसांत सगळे रडले होते, मी नव्हतो. पाव्हणे म्हणायचे, धाकटा घट्ट आहे. मी लिंबाला डोकं टेकवून गुरासारखा ओरडत रडलो. समोरचा पंक्चरवाला बाहेर आला. अप्पांनी त्याला हातानेच आत जा म्हणून सांगितलं. मला त्यांनी जवळ घेतलं नाही. पाठीवर हातही ठेवला नाही. नुसते शेजारी उभे राहिले.

माझं संपल्यावर ते म्हणाले, “दुकान टाकल्यापासून किती गाड्या सोडल्यास?”

मला वाटलं मी नीट ऐकलं नाही.

“काय?”

“गाड्या. किती बसवल्यास?”

“त्याचं आत्ता काय?”

“किती?”

“साठ... सत्तर असतील.”

“मधली तीन वर?”

“पोरांना तसंच आवडतं.”

“हाक मारून किती सोडल्यास?”

त्यांना माहीत होतं. तरी ते उत्तराची वाट बघत राहिले.

“एकही नाही,” मी म्हणालो.

“कुणाकुणाच्या?”

“सगळ्या कशा आठवतील, अप्पा?”

“आठवतील तेवढ्या.”

मी नाक पुसलं. बोटांवर मोजत सांगायला लागलो. बिरादारांचा टेम्पो. दूध डेअरीची पिकअप. नळेगावच्या नवरदेवाची लाल गाडी. तो बुलेटवाला डॉक्टर, त्याने नंतर जीप घेतली, ती. भाजीबाजारातल्या गफूरचा छोटा हत्ती. एका इंग्लिश शाळेची पिवळी व्हॅन, तिचा ड्रायव्हर म्हणाला होता मागे पोरांचा गोंधळ फार असतो, तो ऐकूच येऊ नये असं...

मी थांबलो.

अप्पांनी दुकानातल्या घड्याळाकडे पाहिलं. चार वाजून दहा मिनिटं झाली होती. मग त्यांनी कनवटीची किल्ली काढली, पांढऱ्या गाडीची, आणि माझ्या हातात ठेवली.

“शाळा पाचला सुटते,” ते म्हणाले.